वडाचा हिशेब गुलमोहरात

अकरावीच्या वर्गात वर्षातून एकदा तरी मी उंबराची पिकायला आलेली फळं घेऊन जाते. ब्लेडने फळ मधोमध चिरायचं आणि बाकांवरून फिरवायचं. आतला गुलाबी गर दिसतो तोवर सगळे खूश असतात. मग त्या गरातून बारीक चिलटं एकेक करून बाहेर यायला लागतात आणि वर्गाचा रंग पालटतो. कुणी बाक सोडून उठतं, कुणी मुद्दाम फळ शेजाऱ्याच्या वहीवर सरकवतं. माझी आजी या चिलटांना केंबरं म्हणायची. उंबर फोडायचं, फुंकर मारून केंबरं उडवायची आणि उरलेलं तोंडात टाकायचं, ही तिची रीत. ती वर्गात सांगितली की किळस आणखी वाढते.

सोलापूरचा वर्ग म्हणजे एका मराठी पुस्तकासमोर बसलेल्या चार भाषा. दोन वर्षांपूर्वी पूर्व भागातल्या, विणकराच्या घरच्या एका मुलाने ते चिरलेलं उंबर तळहातावर घेतलं आणि तेलुगूत चार ओळी खणखणीत म्हणून दाखवल्या. आजोबांनी लहानपणी पाठ करून घेतलेलं जुनं पद्य. अर्थ असा, की मेडीचं फळ बघावं तर सोन्यासारखं, पोट उघडून बघावं तर आत किडे; भित्र्या माणसाची ऐटही तशीच. मेडी म्हणजे आपला उंबर. वर्ग हसला, मीही हसले. पण ते पद्य तेव्हापासून डोक्यात घर करून बसलंय. त्या किड्यांची बाजू कुणी मांडलेलीच नाही. पद्यात नाही, आणि रस्त्याच्या आड येणाऱ्या झाडांचा जो सरकारी हिशेब होतो त्यात तर नाहीच नाही. तो हिशेब चुकतो, आणि चुकतो तो या किड्यांपाशीच, असं माझं म्हणणं आहे.

वड, पिंपळ, उंबर ही एकाच घरातली झाडं. बाजारातलं अंजीरही त्यांचंच भावंड. पायर, नांद्रुक, पिंपरी, बोखाडा हे आणखी काही. शास्त्रात या घराला फायकस म्हणतात आणि जगभर त्याच्या ७५०हून जास्त जाती आहेत. सोलापुरात या झाडांना नावांची ददात नाही. मराठीतला वड कन्नडात आल होतो आणि तेलुगूत मर्री. पिंपळ कन्नड घरात अरळी, तेलुगू घरात रावी. उंबर तिकडे अत्ती, इकडे मेडी आणि दखनी बोलणाऱ्यांकडे गूलर. ज्या झाडाला एका शहरात चार नावं आहेत, ते झाड त्या शहराच्या चारही वस्त्यांच्या ओळखीचं आहे, एवढं तरी धरून चालायला हरकत नाही.

फार दिवसांनी भेटलेल्या माणसाला आपण ‘उंबराचं फूल झालास की रे’ असं म्हणतो. उंबराला फूल दिसत नाही, कारण आपण ज्याला फळ म्हणतो तीच फुलांची बंद पिशवी आहे. शेकडो इवली फुलं आतल्या बाजूला तोंड करून असतात. पिशवीच्या टोकाला बारीकसं छिद्र असतं, तेही खवल्यांनी घट्ट मिटलेलं. मधमाशीला तिथे वाव नाही आणि वाऱ्याने पराग आत जाण्याचा प्रश्नच नाही. आत जाऊ शकते ती फक्त दोन मिलिमीटरभराची एक गांधीलमाशी. तीही कुठलीही चालत नाही. वडाची वेगळी, पिंपळाची वेगळी, उंबराची वेगळी. मादी त्या छिद्रातून अंग आवळत आत शिरते आणि त्या ओढाताणीत तिचे पंख तुटतात. म्हणजे परतीची वाट संपली. आत ती अंगावर आणलेला पराग फुलांवर घालते, काही फुलांत अंडी घालते आणि तिथेच मरते. पुढे महिना-दीड महिन्याने तिची पिल्लं मोठी होतात. आधी नर बाहेर येतात. त्यांना पंखच नसतात. ते आतल्या आत माद्यांशी मिलन करतात, फळाला भोक पाडून वाट करून देतात आणि फळातच संपतात. पंख असलेल्या माद्या पराग घेऊन त्या वाटेने बाहेर पडतात.

इथून पुढची गोष्ट रस्त्याच्या हिशेबाची आहे. बाहेर पडलेल्या मादीचं आयुष्य एक-दोन दिवसांचं. तेवढ्या वेळात तिला त्याच जातीचं दुसरं झाड गाठायचं असतं, आणि नुसतं झाड असून भागत नाही, त्यावरची फळं नेमकी आत शिरण्याजोगी कोवळी हवीत. एका झाडावरची फळं बहुधा एकाच टप्प्यात असतात; जिथून ती निघाली तिथली आता पिकायला आलेली, तिच्या उपयोगाची नाहीत. म्हणून वडांचं एकमेकांशी वेळापत्रक जुळत नाही, आणि जुळत नाही हेच त्यांचं शहाणपण. एकाची फळं आज पिकतील, पलीकडच्याची पुढच्या महिन्यात, तिसऱ्याची त्यानंतर. आंब्याला मोसम असतो. वडांच्या वस्तीला मिळून बारा महिने मोसम असतो. ही माशी वाऱ्यावर बसून लांब जाते. आफ्रिकेच्या वाळवंटात एका अंजीरवर्गीय झाडाच्या माश्या १६० किलोमीटरपर्यंत पोचल्याचं दिसून आलेलं आहे. पण पोचल्यावर तिथे झाड तर पाहिजे ना.

त्यामुळे वडाच्या बाबतीत ‘एक झाड’ या मोजमापाला फारसा अर्थ उरत नाही. परिसरातले वीस वड मिळून एक गोष्ट असते. त्यातले पंधरा काढून पाच ‘जपले’ की कागदावर पंचवीस टक्के उरले असं दिसतं. प्रत्यक्षात साखळीत अशी भोकं पडतात की उरलेल्या पाचांच्या माश्यांचाही एखाद्या महिन्यात मेळ बसत नाही. झाड हिरवंगार उभं राहतं, सावली देतं, वटपौर्णिमेला पुजलं जातं, आणि त्याची फळं आत बी न धरताच गळून जातात. झाड वाचल्याचं समाधान आपल्याला मिळतं, त्याचा वंश मात्र थांबलेला असतो.

आता खाणाऱ्यांकडे वळू. जगभरात या घराची फळं खाणारे पक्षी आणि सस्तन प्राणी मोजले गेले, तेव्हा आकडा १२०० जातींच्या पुढे गेला. तेवढं लांब जायचंही कारण नाही. सोलापूरला वर्षाकाठी जेमतेम साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस, तोही बेभरवशाचा. मे महिन्यात पारा ४३ अंशांच्या वर जातो तेव्हा माळावर खायला काय उरतं? अशा वेळी लाल फळांनी लगडलेला एखादा वड सकाळी सहा वाजता बघावा. तांबट आपली ठोकठोक लावून बसलेला, बुलबुल, साळुंक्या, भांगपाडी मैना, कोकिळा. नशीब असेल तर पिवळ्या पायांचे हरियाल, पानांत इतके मिसळून गेलेले की उडाल्यावरच कळतात. हरियाल आपला राज्यपक्षी आहे, ही माहिती स्पर्धा परीक्षेच्या मुलांना पाठ असते. तो खातो काय, हे त्या पुस्तकात नसतं. अंधार पडला की वटवाघळांची पाळी. हिवाळ्यात भोरड्यांचे थवे येतात. हजारोंनी येतात, मध्य आशियाकडून. ज्वारीवर उतरतात म्हणून शेतकरी गोफण घेऊन त्यांच्या मागे लागतो, ते रास्तच आहे. पण याच भोरड्या टोळ आणि नाकतोडे फस्त करतात आणि वडा-पिंपळाच्या फळांवरही पोट भरतात. मंगळवेढ्याच्या ज्वारीचं कौतुक सगळे करतात. तिच्या कणसाशेजारी पक्ष्यांसाठी दुसरं ताट वाढून ठेवणाऱ्या वडाचं नाव त्यात कधी येत नाही.

याच वडाचा हिशेब आपण कशात करतो? आमच्या राहत्या भागाजवळचा एक रस्ता काही वर्षांपूर्वी रुंद झाला. पाच वड गेले. त्यातला एक माझ्या माहितीतला सगळ्यात देखणा होता, रस्त्यावर कमान धरून उभा. बदल्यात किती रोपं लागली याचा फलक लागला, आणि आकडा तोडलेल्या झाडांच्या कितीतरी पट मोठा होता. मी जाऊन बघितलं. गुलमोहर, पीतमोहर, थोडी सप्तपर्णी. गुलमोहर मादागास्करचा. उन्हाळ्यात दिसतो छान, पण त्याच्या शेंगांवर इथल्या एकाही पाखराचं पोट भरत नाही. वडाची साल पिंपळाला लावणं ही आपल्याकडे लबाडी मानली जाते. इथे तर साल, खोड, फळं, सगळा वडच गुलमोहराच्या नावावर चढवला होता, आणि फलकावर फुलांचं चित्र काढलं होतं.

कायदा नाही असं नाही. शहरांसाठी १९७५चा झाडांचं संरक्षण व जतन अधिनियम आहे. २०२१ साली त्यात मोठी दुरुस्ती झाली. ५० वर्षांहून जुन्या झाडांना वारसा वृक्षाचा दर्जा मिळाला आणि असं झाड तोडावंच लागलं तर त्याच्या वयाइतकी झाडं लावायची, ती किमान सहा फुटांची, आणि सात वर्षं सांभाळायची, असं ठरलं. आधीपेक्षा हे नक्कीच चांगलं. तरी ८० वर्षांच्या वडाची किंमत ८० रोपं, या समीकरणात झाडाचं वय आहे, संख्या आहे, झाड काय काम करत होतं ते मात्र नाही. शिवाय वडाचं वय काढायचं कसं, हाही प्रश्नच आहे. जुन्या वडाचं मूळ खोड अनेकदा पोकळ झालेलं असतं आणि ज्याला आपण खोड म्हणतो त्या एकमेकींत मिसळलेल्या पारंब्या असतात. ज्याच्या हातात टेप, तो ठरवेल ते वय.

शहराबाहेर तर आणखी गंमत आहे. १९६४च्या वृक्षतोड नियमन कायद्याच्या मूळ यादीत साग, चंदन, खैर, आंबा, चिंच, जांभूळ, मोह अशी झाडं आहेत. वड, पिंपळ, उंबर नाहीत. यादी कुठल्या डोळ्याने केली ते समजतं. ज्याला लाकडाचा किंवा फळाचा भाव येतो ते यादीत. वडाचं लाकूड इमारतीला नालायक, सरपणालाही फारसं कुणी घेत नाही. शतकानुशतकं हेच नालायकपण त्याचं संरक्षण होतं. मग रस्ते आले, आणि लाकडासाठी नव्हे तर जागेसाठी झाड तोडायची वेळ आली. तेव्हा यादीत नाव नसणं त्याला नडलं.

रस्ता नको, असं मी म्हणत नाही. सोलापूरहून पुण्याला पूर्वी एसटीने किती तास लागायचे आणि रात्री समोरून ट्रक आला की काय व्हायचं, ते मी विसरलेले नाही. चुन्या-गेरूचे पट्टे मारलेल्या वडांवर गाडी आदळून माणसं गेलेली आहेत. ज्याच्या घरातलं माणूस गेलं त्याला हरियालाची गोष्ट सांगायला मी जाणार नाही. पण रस्ता मोठा करण्याच्या एकापेक्षा जास्त रीती आहेत. मधोमध आस धरून दोन्ही बाजूंनी सारखं रुंद करायचं, म्हणजे दोन्हीकडची झाडं गेलीच. जमीन एकाच बाजूने घेतली, तर जुना रस्ता त्याच्या वडांसकट गावच्या वाहतुकीला, सायकलींना, बैलगाड्यांना राहू शकतो आणि भरधाव गाड्या पलीकडच्या नव्या पट्ट्यावरून जाऊ शकतात. खर्च वाढतो, भूसंपादनाची भांडणं वाढतात, खरं आहे. शेजारच्या तेलंगणात हैदराबाद-विजापूर रस्त्यावर चेवेल्ला भागातल्या ९००हून अधिक वडांसाठी लोक हरित लवादापर्यंत गेले, ते याच प्रश्नावर. आपल्या जिल्ह्यात नातेपुते, माळशिरस, वेळापूर, वाखरी अशा पालखीच्या वाटा रुंद होताना असा प्रश्न जोरात विचारला गेल्याचं मला आठवत नाही. ज्या वाटेवर दरवर्षी लाखो माणसं ज्येष्ठ-आषाढात पायी चालतात, त्या वाटेला सावली ही सोय नव्हे, रस्त्याचाच भाग समजायला हवी होती.

सम्राट अशोकाने आपल्या सातव्या स्तंभलेखात रस्त्यांवर वड लावल्याचं कोरून ठेवलंय. त्यात वडाला ‘निगोह’ म्हटलंय, म्हणजे संस्कृतातला न्यग्रोध. कशासाठी लावले, तर पशूंना आणि माणसांना सावली मिळावी म्हणून. क्रम बघा, पशू आधी. त्याच अशोकाचे शिलालेख आपल्या शेजारच्या कलबुर्गी जिल्ह्यात सन्नतीला सापडलेत. सव्वादोन हजार वर्षांपूर्वीच्या राजाच्या रस्त्यात वडाला जागा होती.

वडाविरुद्ध दुसरी तक्रार असते की तो धोकादायक होतो, फांदी पडते, अख्खा कोसळतो. कोसळतो, कारण आपण त्याला टेकू घेऊ देत नाही. वडाची आडवी फांदी लांब जाते ती पारंबीच्या भरवशावर. पारंबी जमिनीला टेकते, मूळ धरते, खांब होते आणि मग फांदी आणखी पुढे सरकते. आंध्रात अनंतपूरकडचा तिम्मम्मा मर्रीमानू असाच दोन हेक्टरच्या आसपास पसरलाय. आमच्या तेलुगू शेजाऱ्यांपैकी कितीतरी जण तो बघून आलेत आणि त्याचे फोटो दाखवतात. आपण काय करतो? बसच्या टपाला लागतात म्हणून पारंब्या कापतो, खाली डांबर आणि पेव्हर ब्लॉक घालतो, एका बाजूची मुळं गटारासाठी तोडतो, तारांसाठी एका अंगाच्या फांद्या छाटतो. मग वादळात झाड पडलं की पंचनाम्यात लिहितो, झाड जीर्ण झाले होते.

खरं तर वडासाठी जागा लागते, आणि मागायची आहे ती जागा. सहा फुटांच्या पदपथावर वड लावा असं कुणी शहाणा माणूस म्हणणार नाही. त्याची जागा तळ्याकाठी, शाळा-कॉलेजच्या मैदानाच्या कडेला, स्मशानात, बाजारतळावर, एसटी स्टँडच्या मागे. कंबर तलावाचा काठ आहे, हिप्परग्याचा आहे. बंद पडलेल्या गिरण्यांच्या जमिनी आहेत. तिथे तर न लावताही पिंपळ उगवलेत, पडक्या भिंतींच्या फटींतून, जिथे पाखराने विष्ठा टाकली तिथे. चालू गिरणीच्या भिंतीत पिंपळ आला असता तर उपटून टाकला असता आणि ते योग्यच होतं. तो भिंत फोडतो. किल्ल्याच्या बुरुजातला पिंपळ वाढू द्यावा असं मीही म्हणणार नाही. पण उपटलेलं रोप फेकून द्यायच्या ऐवजी मोकळ्या जागी लावायला कोणती निविदा लागते?

आता धर्माकडे येते, कारण या झाडांबद्दल बोलताना तो टाळता येत नाही. अक्कलकोटला श्री स्वामी समर्थांचं स्थान वटवृक्षाच्या नावाने ओळखलं जातं. १८७८ साली त्यांनी समाधी घेतली, वड तिथे अजून आहे. रोज हजारो माणसं त्या वडापुढे हात जोडतात आणि ज्या चौपदरी रस्त्याने येतात त्याच्या कडेला सावली शोधावी लागते. गाणगापूर, नरसोबाची वाडी, औदुंबर, दत्तसंप्रदायाची सगळी वाट उंबराखालून जाते. दर्ग्याच्या अंगणात वड असतो. पिंपळाखाली मुंजा असतो, आणि मुंजाच्या भीतीने जितके पिंपळ वाचलेत तितके वनखात्यानेही वाचवले नसतील, असं मी अर्धवट गमतीने म्हणते. झाड तोडायला आलेले मजूर पिंपळाला हात लावत नाहीत, लावलाच तर आधी नारळ-लिंबू ठेवतात. पण तीच भीती पिंपळ दारात लावूही देत नाही. या शहरात पिंपळ हौसेने, मुद्दाम, खड्डा खणून लावलेला मी पाहिलाय तो बुद्धविहारांच्या अंगणात, बोधिवृक्ष म्हणून. बाकीच्यांचा पिंपळ आपोआप आलेला असतो.

श्रद्धा झाड वाचवते, आणि कधीकधी तीच त्याचा गळा धरते. आधी झाडाला शेंदूर लागतो, मग दगडांचा पार होतो. इथवर झकास, मातीचा आणि दगडांचा पार झाडाला मानवतो, गावाला बसायला जागा होते. पुढे पार सिमेंटचा होतो, खोडाला घट्ट भिडवून. मग फरशी, मग ग्रिल, मग वर पत्र्याची शेड, आणि शेडच्या आड येते म्हणून एक फांदी जाते. ज्याच्यामुळे देव आला तोच शेवटी अडचण होतो. वटपौर्णिमेला बाजारात वडाच्या फांद्या दहा-वीस रुपयांना विकायला असतात. जन्मोजन्मीच्या नवऱ्यासाठी आदल्या रात्री तोडलेली फांदी कुंडीत खोचून पुजायची, आणि दुसऱ्या दिवशी ती कचऱ्याच्या गाडीत. मी व्रत करत नाही, माझ्या सासूबाई करतात. गेल्या काही वर्षांत त्यांनी फांदी आणणं बंद केलंय. कारण विचारलं तर म्हणाल्या, ‘सावित्री झाडाखाली बसली होती. तोडलेल्या डहाळीखाली कोण बसतं?’ माझं पर्यावरणाचं व्याख्यान तिथेच संपलं.

झाडांच्या बाजूने बोलणाऱ्यांचाही एक दोष सांगते. पिंपळ रात्रीही ऑक्सिजन सोडतो, हा निरोप दर आषाढात माझ्या फोनवर चार गटांतून येतो. जमिनीत वाढलेला मोठा पिंपळ रात्री इतर झाडांसारखाच श्वास घेतो, ऑक्सिजन वापरतो. पिंपळाची बाजू मांडायला खोट्याची गरज पडावी, इतकं त्याचं खरं लंगडं आहे का?

आणखी एक गोष्ट बोलली तर वृक्षप्रेमी रागावतात. सोलापूर हा जंगलाचा जिल्हा नाही. हा माळाचा जिल्हा आहे. नान्नजला १९७९ साली माळढोकासाठी अभयारण्य झालं ते गवतासाठी. माळढोकाला, धाविकाला, काळविटाला, लांडग्याला मोकळं गवत लागतं; झाडांची गर्दी झाली की त्यांचं घर जातं. माळ म्हणजे पडीक जमीन, तिथे खड्डे खणा आणि उंदीरमारी लावा, या हिशेबाने आपण कितीतरी माळ बिघडवला. २०१९ साली राज्यात ३३ कोटी झाडं लावण्याची मोहीम झाली. जिल्ह्याजिल्ह्याला उद्दिष्टं वाटली गेली. उद्दिष्ट संख्येत असलं की लवकर जगणारं, शेळी न खाणारं, रोपवाटिकेत स्वस्त मिळणारं रोप लागतं आणि मोकळी जागा दिसेल तिथे लागतं. म्हणजे माळावर.

म्हणून माझी मागणी उलटी आहे. सोलापुरात पाच हजार झाडं लावू नका. पन्नास वड जगवा. माळ माळ राहू द्या. वड-पिंपळ-उंबर गावाजवळ, पाण्याजवळ, रस्त्याजवळ, जिथे ते पूर्वापार होते तिथे वाढवा. वृक्षगणना होते तेव्हा या घराच्या झाडांची वेगळी यादी करा, आणि दोन झाडांमधलं अंतरही नोंदवा, कारण माशीला त्याचाच उपयोग आहे. वड तोडावाच लागला तर बदल्यात वडच, उंबर गेला तर उंबरच, आणि तेही शक्यतो त्याच परिसरात, चाळीस किलोमीटरवरच्या कुठल्या टेकडीवर नाही. हे अवघडही नाही. वडाची मनगटापेक्षा जाड, पुरुषभर उंचीची फांदी पावसाच्या तोंडावर रोवली आणि पहिले दोन उन्हाळे पाणी दिलं, तर ती फुटते. ही जुनी रीत आहे. तोडलेल्या एका वडाच्या फांद्यांतून पंधरा-वीस वड सहज उभे राहतील, त्याच वडाचे. त्या फांद्या आज ट्रॉलीत भरून विटभट्टीकडे जातात.

पन्नास हा आकडा लहान वाटेल. मंत्र्याच्या हस्ते उद्घाटन करण्याजोगा तो नाही, कबूल. पण सात वर्षांनी त्या पन्नासांतले किती उभे आहेत हे कुणालाही सायकलवरून फिरून एका रविवारी मोजता येईल. पाच हजारांचं तसं होत नाही, आणि पाच हजार हा आकडा लोकप्रिय असण्याचं एक कारण तेच असावं, अशी मला शंका आहे.

ते तेलुगू पद्य म्हणणारा मुलगा आता पदवीच्या वर्गात आहे. मध्यंतरी रस्त्यात भेटला. त्याने आजोबांना विचारलं होतं की त्यांच्या लहानपणी मर्रीचं झाड कुठे होतं. आजोबांनी जागा दाखवली. आता तिथे दुभाजक आहे. दुभाजकात ओळीने गोल छाटलेली फायकसची झुडपं लावलीत, शोभेची. पोराने वर्गात शिकलेलं लक्षात ठेवलं होतं. म्हणाला, ‘मॅडम, हे पण त्याच घरातलं ना? मग ह्याला फळं का येत नाहीत?’

आम्ही बोलत होतो तेव्हा टँकरमागे उभा असलेला माणूस मोठ्या कात्रीने पुढच्या झुडपाचा गोळा नीट करत होता.